लुईस अल्कोरिसा: मेक्सिकन सुवर्णकाळातल्या एका पटकथाकाराबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मेक्सिकोच्या जुन्या चित्रपटांवर काहीही लिहिलं की पुढचे काही दिवस तेच प्रश्न थोड्याफार फरकानं पुन्हा येतात. बहुतेकांना स्पॅनिश दिग्दर्शक लुईस बुन्युएल ठाऊक असतात, पण त्यांच्या शेजारी बसून लिहिणाऱ्या माणसाचं नाव वाचकांना नवीन असतं. त्या माणसाबद्दलचे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. चित्रपटांची मूळ स्पॅनिश नावं देवनागरीत दिली आहेत आणि लागेल तिथे अर्थ कंसात.

1. लुईस अल्कोरिसा कोण? थोडक्यात सांगा.

स्पेनमध्ये जन्मलेले आणि मेक्सिकोत घडलेले पटकथाकार, पुढे दिग्दर्शक. जन्म 1918 चा, बादाखोस शहरातला; मृत्यू 1992 मध्ये, मेक्सिकोतल्या कुएर्नावाकात. 1940 च्या दशकात नट म्हणून सुरुवात, मग पंधराएक वर्षं प्रामुख्यानं लेखन आणि 1961 पासून दिग्दर्शन. बुन्युएल यांच्या 'लोस ओल्विदादोस' (विसरले गेलेले) या चित्रपटाचे ते सहलेखक. पण त्यांची ओळख तेवढ्यावर थांबवणं मला पटत नाही. का, ते प्रश्न 13 मध्ये सांगितलं आहे.

2. आडनाव 'अल्कोरिझा' लिहायचं की 'अल्कोरिसा'?

मेक्सिकोत आडनावातल्या z या अक्षराचा उच्चार 'स' होतो, स्पेनच्या बऱ्याच भागात 'थ'च्या जवळ जातो. स्पॅनिशमध्ये 'झ' हा उच्चार नाहीच. कारकीर्द मेक्सिकोतली, म्हणून मी 'अल्कोरिसा' लिहिते.

3. मेक्सिकन सिनेमाचा सुवर्णकाळ म्हणजे नेमका कोणता?

साधारण 1936 ते 1950 च्या दशकाचा मध्य. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेनं अर्जेंटिनाला कच्च्या फिल्मचा पुरवठा आखडता घेतला आणि मेक्सिकोला मात्र चालू ठेवला. त्यामुळे स्पॅनिश बोलणाऱ्या जगाची मोठी बाजारपेठ मेक्सिकोच्या हाती आली. 1945 मध्ये चुरुबुस्को स्टुडिओ सुरू झाला. पेद्रो इन्फान्ते, होर्खे नेग्रेते, मारिया फेलिक्स, दोलोरेस देल रिओ, कान्तिन्फ्लास ही त्या काळातल्या गाजलेल्या नट-नट्यांची नावं. इतके चित्रपट काढायचे म्हणजे भराभर लिहून देणारे लेखकही हवेत, आणि अल्कोरिसांसारख्या परक्या तरुणाला शिरकाव मिळाला तो या गरजेतून.

4. त्यांचं काम पाहायला सुरुवात कुठून करू?

'लोस ओल्विदादोस'पासून करू नका, असं मी प्रत्येकाला सांगते. तो चित्रपट पचायला जड आहे आणि त्याच्या सावलीत बाकी सगळं झाकोळून जातं. आधी 'एल ग्रान कालावेरा' (मोठा उडाणटप्पू; प्रश्न 8) पाहा, मग 'एल एस्केलेतो दे ला सेन्योरा मोरालेस' (प्रश्न 13). हसता हसता या लेखकाचा हात ओळखीचा होईल. त्यानंतर 'लोस ओल्विदादोस', आणि मग त्यांनी स्वतः दिग्दर्शित केलेला 'त्लायूकान' (प्रश्न 15).

5. ते स्पॅनिश निर्वासित होते ना? मग त्यांना मेक्सिकन लेखक कसं म्हणायचं?

घराणं नाटकवाल्यांचं. विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर, तसा यांचा संसार नाटक कंपनीबरोबर फिरत असे. 1936 मध्ये स्पेनमध्ये यादवी युद्ध पेटलं आणि परतीची वाट बंद झाली. फिरत फिरत हे कुटुंब 1940 च्या सुमारास मेक्सिकोत पोहोचलं. राष्ट्राध्यक्ष लासारो कार्देनास यांनी स्पेनमधून परागंदा झालेल्यांना दार उघडून दिलं होतं. सुमारे 20 हजार माणसं त्या काळात आली, आणि त्यांत लेखक, प्राध्यापक, कवी, चित्रपटवाले पुष्कळ होते.

पण या मंडळींमध्ये एक फरक लक्षात घ्यायला हवा. बरेच जण मनानं स्पेनमध्येच राहिले आणि त्यांचं लेखनही तिकडच्या आठवणींत रमलं. अल्कोरिसा आले तेव्हा जेमतेम बाविशीचे होते. त्यांनी कान इथल्या बोलीला लावला. त्यांच्या पात्रांची भाषा, शिव्या, देवधर्म, जेवणाची ताटं सगळी मेक्सिकोची आहेत. म्हणून मी त्यांना निःशंकपणे मेक्सिकन लेखक म्हणते.

6. ते आधी नट होते आणि येशूच्या भूमिका करायचे, हे खरं का?

खरं आहे. मिगेल कोन्त्रेरास तोर्रेस यांच्या 1940 च्या दशकातल्या दोन धार्मिक चित्रपटांत त्यांनी येशूची भूमिका केली. उंच, देखणे, आवाज नाटकात कमावलेला.

पण पडद्यापेक्षा कागदावर त्यांचा जीव अधिक रमला. 1946 च्या 'एल आइहादो दे ला मुएर्ते' (मृत्यूचा धर्मपुत्र) या होर्खे नेग्रेतेच्या चित्रपटापासून त्यांचं नाव लेखक म्हणून दिसू लागतं. दिग्दर्शक होते हॉलिवूडहून मेक्सिकोत आलेले नॉर्मन फॉस्टर. लेखनात सोबत होत्या पत्नी जेनेट. त्यांच्याबद्दल प्रश्न 12 पाहा. नट असल्याचा फायदा पुढे जन्मभर झाला. त्यांच्या संवादांत वाचिक अभिनयाला अडणारं वाक्य क्वचितच सापडतं. वाक्य संपलं की नटाला पुढची हालचाल आपोआप सुचावी, असं ते लिहिलेलं असतं.

7. श्रेयनामावलीत एकाच चित्रपटाला तीन-तीन लेखक का दिसतात?

मराठी प्रेक्षकाला हे समजायला सोपं आहे. आपल्याकडे 'कथा – पटकथा – संवाद' अशी पाटी येते, तशीच तिकडे 'आर्गुमेन्तो' म्हणजे मूळ कथा आणि 'आदाप्तासिओन' म्हणजे त्या कथेची पडद्यासाठी केलेली बांधणी, अशी श्रेयं वेगवेगळी दिली जात. संवादांचं श्रेयही कधी स्वतंत्र असे. त्यामुळे 'अमुक चित्रपट अल्कोरिसांनी लिहिला' हे वाक्य अर्धवट आहे. त्यांनी यांपैकी काय लिहिलं, ते दरवेळी पाहावं लागतं. चित्रपट कामगारांच्या संघटनेतही कथाकार आणि रूपांतरकार यांचा एक विभाग होता. लेखन हा तिथे नेमून दिलेला, मजुरीचा धंदा होता. स्फूर्तीची वाट पाहत बसायला कुणाला सवड नव्हती.

8. बुन्युएल यांच्याशी गाठ कशी पडली?

एका साध्यासुध्या विनोदी चित्रपटामुळे. बुन्युएल 1946 मध्ये मेक्सिकोत आले. त्यांचा तिथला पहिला चित्रपट 'ग्रान कासिनो' चालला नाही आणि त्यानंतर दोनेक वर्षं हाताला काम नव्हतं. मग निर्माते ओस्कार दान्सिगर्स यांनी 'एल ग्रान कालावेरा' (1949) त्यांच्याकडे सोपवला. आदोल्फो तोर्रादो यांच्या नाटकावरून त्याची पटकथा लुईस आणि जेनेट अल्कोरिसांनी बांधली होती.

गोष्ट अशी. एक श्रीमंत विधुर दारूत बुडालेला आणि नातेवाईक त्याच्या पैशावर ऐतखाऊ झालेले. त्याला सुधारावं म्हणून घरचे त्याला भासवतात की सगळी इस्टेट बुडाली आणि आता आपण गरीब वस्तीत राहतो. त्याला डाव कळतो आणि तोच डाव तो त्यांच्यावर उलटवतो. आता नातेवाइकांनाच वाटतं की आपण खरोखर कफल्लक झालो, आणि सगळे कामाला लागतात. एकच थाप दोनदा वापरायची, आणि दुसऱ्यांदा तिचं तोंड फिरवायचं. पटकथा शिकणाऱ्यानं या चित्रपटाची दृश्यं एकेक करून कागदावर उतरवावीत. मी तसं केलं आणि त्यातून बरंच शिकले.

चित्रपट चांगला चालला. म्हणून दान्सिगर्स बुन्युएलना पुढचा, अधिक गंभीर चित्रपट द्यायला तयार झाले. तो 'लोस ओल्विदादोस'. म्हणजे त्या चित्रपटाचा पाया एका हलक्याफुलक्या विनोदी पटकथेनं घातला. 2013 मध्ये मेक्सिकोत तुफान चाललेला 'नोसोत्रोस लोस नोब्लेस' हाही या जुन्या चित्रपटाचाच नवा अवतार आहे.

9. 'लोस ओल्विदादोस'मध्ये अल्कोरिसांचा वाटा किती? खरे लेखक बुन्युएलच ना?

सर्वांत जास्त येणारा प्रश्न हा, आणि बहुतेकदा त्यामागे उत्तर आधीच ठरलेलं असतं.

सुरुवात झाली लॉटरीची तिकिटं विकणाऱ्या एका पोरक्या मुलाच्या भावविवश कथेपासून. ती बुन्युएल आणि कवी हुआन लार्रेआ यांनी रचली होती. दान्सिगर्स म्हणाले, मेक्सिकोतल्या गरीब मुलांवर यापेक्षा खरं काहीतरी करू. मग बुन्युएल जुने कपडे घालून शहराच्या कडेच्या झोपडवस्त्यांतून महिनोन्‌महिने हिंडले. कधी अल्कोरिसा बरोबर असत, कधी कलादिग्दर्शक एडवर्ड फिट्झजेराल्ड. लोकांशी बोलले, सुधारगृहांच्या नोंदी चाळल्या. चित्रपटातली बरीचशी माणसं या पायपिटीतून आली आहेत.

पटकथेवर नावं आहेत बुन्युएल आणि अल्कोरिसा यांची. लार्रेआ आणि माक्स आउब या लेखकांचा हातभार श्रेयाविना राहिला. आणखी एक नाव पाटीवर नाही, ते पेद्रो दे उर्दिमालास यांचं. पोरांच्या तोंडची रस्त्यावरची बोली त्यांनी तपासून, घासून दिली. याच उर्दिमालासांनी दोनच वर्षांपूर्वी 'नोसोत्रोस लोस पोब्रेस' (आम्ही गरीब) लिहिण्यात हात घातला होता. पेद्रो इन्फान्तेच्या त्या चित्रपटात गरिबी गाणी गाते, रडते आणि शेवटी मनानं श्रीमंत ठरते. एकाच माणसाच्या कानानं ऐकलेली बोली दोन अगदी उलट चित्रपटांत गेली, याचं मला फार अप्रूप वाटतं.

आता वाटा. चित्रपटातल्या पेद्रो या गरीब मुलाच्या स्वप्नात आई कच्च्या मांसाचा लोळा घेऊन येते. ते दृश्य पाहिलं की बुन्युएल दिसतात. पण चित्रपटाचं बाकीचं अंग पाहा. हाइबो हा पोरांच्या टोळीचा म्होरक्या सुधारगृहातून पळून येतो, पेद्रोसमोर खून करतो, आणि त्या क्षणापासून पेद्रोचा प्रत्येक चांगला बेत हाइबोच्या पावलांनी मोडत जातो. कामाला लागला, तर हाइबोनं चोरलेल्या सुरीचा आळ पेद्रोवर येतो. शेती-शाळेच्या मुख्याध्यापकानं विश्वासानं पैसे देऊन बाहेर पाठवलं, तर दारात हाइबो उभा. ही कड्यात कडी अडकवत नेणारी रचना 'एल ग्रान कालावेरा' लिहिणाऱ्या हाताच्या ओळखीची आहे. टक्केवारी काढण्यात मला अर्थ वाटत नाही. दोघांपैकी एक जरी नसता तरी हा चित्रपट असा झाला नसता, एवढं मी ठामपणे म्हणेन.

10. हा चित्रपट चार दिवसांत थिएटरमधून उतरवला, हे खरं?

बुन्युएल यांनी आत्मचरित्रात तसं सांगितलं आहे. 9 नोव्हेंबर 1950 ला मेक्सिको शहरात तो लागला आणि लगेच गदारोळ झाला: देशाची बदनामी केली, परक्यांनी आमच्या आयांचा अपमान केला. चित्रीकरण चालू असतानाच एका केशभूषाकार बाईंनी काम सोडलं होतं. आई आपल्या पोराला जेवण नाकारते, हे दृश्य त्यांना सहन झालं नाही. मेक्सिकोतली आई असं करणार नाही, असं त्यांचं म्हणणं. मला त्या बाईंचा राग येत नाही. इतकी वर्षं पडद्यावर आई म्हणजे देवता होती; ते चित्र फुटताना पाहणं त्यांना जड गेलं असणार.

1951 मध्ये फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात बुन्युएलना दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं आणि वारं फिरलं. चित्रपट पुन्हा लागला आणि चांगला चालला. मेक्सिकोच्या आरिएल पारितोषिकांपैकी 11 त्याला मिळाली, त्यांत लेखनाचीही होती. 2003 मध्ये युनेस्कोनं त्याची जागतिक स्मृती-नोंदवहीत नोंद केली.

11. त्याचा दुसरा, सुखान्त शेवटही लिहिला होता का?

हो, आणि चित्रितही केला होता. त्यात हाइबो मरतो आणि पेद्रो पैसे घेऊन शाळेत परततो. तो भाग बऱ्याच वर्षांनी सापडला. सरकारी दट्ट्या आलाच तर हाताशी असावा, यासाठी तो केला असावा असा तर्क आहे. लेखकांना कोणता शेवट हवा होता याबद्दल मात्र शंका नको. पेद्रोचं प्रेत उकिरड्यावर टाकलं जातं, त्या शेवटाकडेच संपूर्ण पटकथा उतरत जाते.

12. राकेल रोहास आणि जेनेट अल्कोरिसा या दोन वेगळ्या लेखिका का?

नाही, एकच. जन्मनाव जेनेट रीझेनफेल्ड. वडील ह्यूगो रीझेनफेल्ड हे मूकपटांच्या काळातले अमेरिकेतले नामवंत संगीतकार. जेनेट स्पॅनिश नृत्य करत. यादवी युद्धाच्या दिवसांत त्या माद्रिदमध्ये होत्या आणि त्या अनुभवावर त्यांनी 1938 मध्ये पुस्तकही लिहिलं. मेक्सिकोत 'राकेल रोहास' या नावानं पडद्यावर आल्या आणि लेखिका म्हणून कधी त्या नावानं, तर कधी 'जेनेट अल्कोरिसा' म्हणून श्रेयनामावलीत दिसतात. 'ला इखा देल एन्गान्यो' (1951) च्या पाटीवर राकेल रोहास आहेत, तर पुढे जेनेट.

नाव बदलत गेल्यामुळे त्यांचं काम इतिहासात विखुरलं आणि बरंचसं पतीच्या खात्यात जमा झालं. एका छताखाली लिहिणाऱ्या दोघांचं लेखन वेगळं काढता येत नाही हे मान्य. म्हणूनच जिथे पाटीवर दोघांची नावं आहेत, तिथे दोघांचीही घ्यावीत. याच पानावर पूर्वी मी 'एल ग्रान कालावेरा'पुढे फक्त लुईस यांचं नाव दिलं होतं. एका वाचक ताईंनी ते दाखवून दिलं, त्यांची मी ऋणी आहे.

13. पोटासाठी लिहिलेले विनोदी चित्रपट पाहण्यात वेळ का घालवावा?

कारण त्यांतच कसब दिसतं. 'एल इनोसेन्ते' (1956) घ्या. लुईस आणि जेनेट यांचं लेखन, दिग्दर्शक रोखेलिओ गोन्सालेस. नववर्षाच्या आदल्या रात्री श्रीमंत घरची मुलगी गाडी बंद पडून अडकते आणि तिच्या मदतीला येतो एक मेकॅनिक. ती सिल्विया पिनाल, तो पेद्रो इन्फान्ते. दोघं मनसोक्त पितात, सकाळी तिचे आई-वडील घरी येतात तर ही दोघं एकाच खोलीत. झालेलं काहीच नाही, पण अब्रू वाचवायला लग्न लावलं जातं. वर्गभेदाबद्दल भाषण नाही. बाटली कशी धरायची, आभार कसे मानायचे, यातून दोन जगं समोर येतात. काही महिन्यांनी, एप्रिल 1957 मध्ये, इन्फान्ते विमान अपघातात गेले. त्यामुळे आज तो चित्रपट पाहताना गळा दाटतो.

मग 1960 चा 'एल एस्केलेतो दे ला सेन्योरा मोरालेस' (सौ. मोरालेस यांचा सांगाडा). मूळ कथा आर्थर मॅकेन या वेल्श लेखकाची, लंडनच्या इझ्लिंग्टन भागात घडणारी. अल्कोरिसांनी ती उचलून मेक्सिको शहरात अशी रुजवली की मूळ कुठलं ते विचारायचं सुचतच नाही. मेलेल्या प्राण्यांत पेंढा भरणारा एक सुस्वभावी माणूस, त्याची अतिधार्मिक, आजारपणाचं भांडवल करणारी बायको, तिला सदैव पाठीशी घालणारे पाद्री आणि नातेवाईक. एक दिवस बायको नाहीशी होते आणि दुकानाच्या काचेत नवा सांगाडा येतो. पुढचं सांगत नाही. रूपांतर म्हणजे काय हे शिकवायची वेळ आली तर मी हाच चित्रपट दाखवीन. मूळ कथेचा सांगाडा ठेवायचा आणि मांस मात्र इथलं चढवायचं. नवरा झालेले आर्तुरो दे कोर्दोवा हेच 'एल' (तो, 1953) मधले संशयानं पिसाटलेले पती. तो चित्रपटही बुन्युएल आणि अल्कोरिसांनीच लिहिला, आणि मनोविश्लेषक जाक लाकां तो आपल्या विद्यार्थ्यांना दाखवत.

14. 'नासारीन' आणि 'विरिदियाना' त्यांचेच ना? आणि 'एल आंहेल एक्स्तेर्मिनादोर'?

पहिले दोन नाहीत. ते बुन्युएल यांनी हुलिओ आलेहान्द्रो यांच्याबरोबर लिहिले. 'एन्सायो दे उन क्रिमेन' एदुआर्दो उगार्ते यांच्याबरोबर. बुन्युएल यांचा मेक्सिकोतला प्रत्येक चित्रपट अल्कोरिसांच्या नावावर टाकण्याची चूक सर्रास होते. दोघांचे एकत्र चित्रपट 10: पहिला 'एल ग्रान कालावेरा', शेवटचा 'एल आंहेल एक्स्तेर्मिनादोर' (संहारक देवदूत, 1962).

या शेवटच्याचं प्रकरण गुंतागुंतीचं आहे. मेजवानीला आलेले पाहुणे खोलीबाहेर पडूच शकत नाहीत, ही कल्पना 'लोस नाउफ्रागोस दे ला काये प्रोविदेन्सिया' (प्रोविदेन्सिया रस्त्यावरचे जहाजफुटके) या नावानं दोघांनी मिळून लिहिली होती. पडद्यावरची अंतिम पटकथा बुन्युएल यांची. नवं नाव होसे बेर्गामिन या लेखकाकडून घेतलं. त्यांनी ते आपल्या एका नाटकासाठी योजलं होतं. म्हणजे इथे अल्कोरिसा कथेचे सहलेखक (हा फरक प्रश्न 7 मध्ये).

15. दिग्दर्शक व्हायला चाळिशी का उलटावी लागली? आणि ऑस्करचं काय?

संघटनेतला दिग्दर्शकांचा विभाग नव्या माणसांना जवळपास बंद होता. जुन्यांची कामं टिकावीत म्हणून दार लावलं गेलं, आणि सुवर्णकाळ ओसरण्याचं ते एक कारण ठरलं. अल्कोरिसांचा पहिला दिग्दर्शित चित्रपट 'लोस होवेनेस' (तरुण) 1961 चा.

पुढच्याच वर्षी 'त्लायूकान' आला. आजारी मुलासाठी पैसे नसलेला एक खेडूत देवळातल्या संत लुसियाच्या मूर्तीचा मोती चोरतो आणि तो मोती डुकराच्या पोटात जातो. मग सगळं गाव डुकरांच्या मागे. परभाषी चित्रपटांच्या ऑस्करसाठी याला नामांकन मिळालं, पारितोषिक नाही. त्यानंतर 'तिबुरोनेरोस' (शार्क पकडणारे) आणि 'तारउमारा'. या तिसऱ्याला 1965 मध्ये कानला समीक्षकांचं पारितोषिक मिळालं. चिवावाच्या डोंगरांतले आदिवासी आणि त्यांच्या मदतीला गेलेला शहरी माणूस यांची ती गोष्ट आहे. तो माणूस भला आहे, तरी त्याचा भलेपणा पुरा पडत नाही.

16. 'मेकानिका नासिओनाल' लोकांना इतका का झोंबला?

1972 चा चित्रपट. मोटार शर्यत पाहायला निघालेलं कुटुंब, रस्त्यावर हजारो गाड्या, खाणंपिणं, मारामाऱ्या. त्या गोंधळात आजी जाते आणि प्रेत गाडीत बसवून वाहतूक कोंडीतून घरी आणावं लागतं. आजी झाल्या आहेत सारा गार्सिया, ज्यांना अख्खा देश पडद्यावरची सोज्वळ आजी म्हणून ओळखत होता. त्यांच्या तोंडी अल्कोरिसांनी सणसणीत शिव्या घातल्या. प्रश्न 10 मधल्या केशभूषाकार बाईंना जे सोसलं नाही, ते बावीस वर्षांनी लोकांनी गर्दी करून पाहिलं.

17. यात भारताशी जोडणारा काही धागा आहे का?

दोन सापडतात. 1946 च्या कान महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक 11 चित्रपटांत विभागलं गेलं. त्यांत मेक्सिकोचा 'मारिया कान्देलारिया' होता आणि चेतन आनंद यांचा 'नीचा नगर'. पहिल्याच्या लेखनात मेक्सिकन पटकथाकार माउरिसिओ माग्दालेनो यांचा वाटा होता. अल्कोरिसांनी पुढे ज्या गोड, चित्रातल्यासारख्या खेड्याला फाटा दिला ते खेडं बघायचं असेल तर हा चित्रपट पाहावा.

दुसरा धागा मेक्सिकन कवी ओक्ताविओ पास. 1951 मध्ये कानला 'लोस ओल्विदादोस'च्या बाजूनं त्यांनी लेख लिहिला आणि स्वतः वाटला, तेही मेक्सिकोच्या वकिलातीत नोकरीला असताना. त्याच वर्षाअखेर त्यांची भारतात नेमणूक झाली आणि ते बोटीनं मुंबईला उतरले. पुढे 1962 ते 1968 ते मेक्सिकोचे भारतातले राजदूत होते.

18. शेवटच्या काळात त्यांनी काय केलं?

1970 च्या दशकात गाब्रिएल गार्सिया मार्केस यांच्याबरोबर 'प्रेसाखिओ' (अपशकुन) लिहिला. गावातल्या सुईणीच्या हातून एका बाळंतपणात अपशकुन होतो आणि भीतीनं गाव स्वतःलाच पोखरत जातं. 1990 मध्ये मिगेल देलिबेस यांच्या कादंबरीवरून 'ला सोम्ब्रा देल सिप्रेस एस आलार्गादा' (सुरूची सावली लांबट असते) हा चित्रपट त्यांनी स्पेनमध्ये केला. ऐन तरुणपणी ज्या देशाची वाट बंद झाली होती, तिथे ते सत्तरी ओलांडल्यावर कॅमेरा घेऊन उभे राहिले. दोन वर्षांनी, डिसेंबर 1992 मध्ये, ते गेले, ते मेक्सिकोतल्या आपल्या घरगावी. जेनेट त्यांच्यामागे आणखी काही वर्षं होत्या.